दाइमाजिनचे डोळे

जपानी चित्रपटसृष्टीत ‘तोकुसात्सु’ या नावाने ओळखला जाणारा एक मोठा प्रवाह आहे. लहान प्रमाणात बांधलेली गावे आणि इमारती, जाड पोशाख चढवून त्यांतून वावरणारे नट आणि स्वतंत्रपणे चित्रित केलेली दृश्ये एकाच चौकटीत मिसळण्याचे कसब यांच्या बळावर जे प्रत्यक्षात घडणे अशक्य ते पडद्यावर घडवून दाखवणारे सर्व चित्रपट या प्रवाहात मोडतात. तोहो कंपनीने १९५४ साली काढलेला ‘गॉडझिला’ हा त्यांतील सर्वांत परिचित चित्रपट असून, त्या अवजड पोशाखात वावरणारे हारुओ नाकाजिमा यांचे नाव निदान चाहत्यांमध्ये तरी आदराने घेतले जाते. मात्र दाइएइ कंपनीच्या क्योतो येथील स्टुडिओत १९६६ साली तयार झालेल्या ‘दाइमाजिन’ मालिकेतील तिन्ही चित्रपटांत क्रुद्ध पाषाणदेव साकारणारे चिकारा हाशिमोतो जपानबाहेर फारच थोड्यांना ठाऊक आहेत, आणि ज्यांनी त्यांना ब्रूस लीच्या चित्रपटात खलनायक म्हणून पाहिले आहे त्यांनाही तो खलनायक आणि हा देव एकाच माणसाने उभा केला आहे याची बहुधा कल्पना नसते. पोशाखाआड दडलेल्या नटाचे काम ही केवळ अंगमेहनत असते, तिला अभिनय म्हणता येत नाही, असा जो समज रूढ आहे तो किती अपुरा आहे, हे दाखवून देणारे हाशिमोतो यांच्या कामाइतके ठळक उदाहरण क्वचितच सापडेल.

हाशिमोतो यांचा जन्म २० ऑक्टोबर १९३३ रोजी जपानच्या उत्तरेकडील होक्काइदो बेटावर, तोकाची मैदानातील मेमुरो या गावी झाला. त्यांचा पहिला व्यवसाय अभिनयाचा नसून बेसबॉलचा होता. हा खेळ दुसऱ्या महायुद्धानंतरच्या जपानमध्ये कमालीचा लोकप्रिय झाला होता आणि वृत्तपत्रे, रेल्वे कंपन्या, चित्रपट कंपन्या असे मोठे उद्योग व्यावसायिक संघ बाळगत असत. माइनिची या वृत्तपत्राच्या ‘माइनिची ओरायन्स’ संघात हाशिमोतो १९५३ साली दाखल झाले. ते बाह्यक्षेत्रात, म्हणजे मैदानाच्या दूरच्या भागात उंच येणारे चेंडू टिपण्यासाठी उभे राहणारे खेळाडू होते. १९५८ साली या संघाचे दाइएइ चित्रपट कंपनीच्या संघाशी विलीनीकरण झाले आणि दाइएइचे प्रमुख मासाइची नागाता हेच नव्या संघाचे सर्वेसर्वा झाले, त्यामुळे हाशिमोतो यांचा खेळाचा मालक आणि पुढे होणारा चित्रपटाचा मालक ही एकच व्यक्ती ठरली. बेसबॉलच्या पार्श्वभूमीवरचा एक चित्रपट दाइएइने १९५९ साली काढला, तेव्हा पडद्यावर खरे खेळाडू दिसावेत म्हणून संघातील खेळाडूंनाच त्यात उतरवण्यात आले. त्या चित्रीकरणात हाशिमोतो जखमी झाले, खेळाडू म्हणून त्यांची कारकीर्द संपली आणि ज्या कंपनीच्या चित्रपटापायी खेळ सुटला त्याच कंपनीत ते नट म्हणून रुजू झाले.

त्या काळच्या जपानी स्टुडिओंची रचना समजून घेतल्याशिवाय त्यांचे पुढील स्थान नीट ध्यानात येत नाही. प्रत्येक मोठ्या कंपनीकडे मोजके तारे असत आणि त्यांच्याखाली पगारी नटांचा एक मोठा ताफा असे. या नटांना स्वतंत्र रंगपटाची खोली नसे, सर्वांनी मिळून एका मोठ्या दालनात रंगभूषा करायची असे, आणि म्हणूनच त्यांना ‘मोठ्या दालनातले नट’ म्हणत. तलवारीच्या मारामारीत कोसळणारे सैनिक, जुगाराच्या अड्ड्यावरचे गुंड, सावकाराचे हस्तक, दरवाज्यावरचे पहारेकरी अशा भूमिका त्यांच्या वाट्याला येत. हाशिमोतो याच वर्गातले. त्यांची खेळाडूची शरीरयष्टी आणि कणखर चेहरा दुष्टांच्या टोळीत शोभून दिसे, आणि दाइएइच्या क्योतो स्टुडिओत ‘जिदाइगेकी’, म्हणजे सामुराईंच्या काळावरील ऐतिहासिक चित्रपट, अखंड निघत असल्याने त्यांना कामाचीही ददात नव्हती. हा काही सामान्य स्टुडिओ नव्हता. अकिरा कुरोसावा यांचा ‘राशोमोन’ आणि केंजी मिझोगुची यांचा ‘उगेत्सु’ या जगन्मान्य कलाकृती दाइएइनेच काढल्या होत्या, आणि ती नजर, ते कारागीर, जुन्या जपानची घरे, शस्त्रे व वस्त्रे उभारण्याची ती हातोटी १९६६ सालीही तेथे शाबूत होती.

त्या वर्षी जपानमध्ये राक्षसपटांची लाट शिगेला पोहोचली होती. दूरचित्रवाणीवर जानेवारीत ‘अल्ट्रा क्यू’ आणि जुलैत ‘अल्ट्रामॅन’ या मालिका सुरू झाल्या. दाइएइच्या तोक्यो स्टुडिओकडे गामेरा हे महाकाय कासव होते. क्योतोने मात्र वेगळी वाट निवडली आणि आपल्या अंगवळणी पडलेल्या ऐतिहासिक चित्रपटातच दैवी चमत्काराची जोड देण्याचे ठरवले. झूल्यां द्यूविव्हिए यांनी १९३६ साली काढलेल्या ‘गोलेम’ या चित्रपटात प्रागमधील ज्यूंच्या दंतकथेतला मातीचा पुतळा जागा होऊन जुलमी सत्तेचा नाश करतो, आणि ‘दाइमाजिन’ची मूळ प्रेरणा तेथून आली. पटकथा तेत्सुरो योशिदा यांची, दिग्दर्शन किमियोशी यासुदा यांचे, विशेष दृश्यांचे दिग्दर्शन योशियुकी कुरोदा यांचे, छायाचित्रण फुजिओ मोरिता यांचे आणि संगीत ‘गॉडझिला’चेच संगीतकार अकिरा इफुकुबे यांचे, अशी ही भरभक्कम मंडळी होती. पहिला चित्रपट १७ एप्रिल १९६६ रोजी गामेराच्या दुसऱ्या चित्रपटाबरोबर एकाच खेळात प्रदर्शित झाला.

कथा सोळाव्या शतकाच्या आसपासच्या अंदाधुंदीच्या काळातील तांबा प्रांतात घडते. हानाबुसा या न्यायी सरदाराला त्याचाच कारभारी सामानोसुके ठार करतो. सरदाराची दोन मुले एका निष्ठावंत सेवकाबरोबर निसटून एका निषिद्ध डोंगरात आश्रय घेतात, आणि त्या डोंगरात कड्याला टेकून एक प्रचंड योद्ध्याची मूर्ती उभी असते. दहा वर्षे लोटतात, जुलूम वाढत जातो, आणि लोकांची श्रद्धाच मोडून काढावी म्हणून सामानोसुके मूर्ती फोडण्याचा हुकूम देतो. त्याची माणसे मूर्तीच्या कपाळात पोलादी छिन्नी ठोकतात तेव्हा दगडातून रक्त वाहू लागते, जमीन दुभंगते आणि ती माणसे गडप होतात. पुढे सरदारकन्या कोझासा आपला जीव देऊ करून प्रार्थना करते तेव्हा मूर्ती चालू लागते, किल्ला उद्ध्वस्त करते आणि कपाळातली छिन्नी उपसून तीच सामानोसुकेच्या छातीत खुपसते. येथे कथा थांबत नाही. दुष्ट मेला तरी देवाचा क्रोध शमत नाही, तो निरपराध लोकांवरही चालून जातो, आणि कोझासाचे अश्रू त्याच्या पावलांवर पडतात तेव्हाच तो शांत होऊन मातीच्या ढिगाऱ्यात विरून जातो. हिरण्यकशिपूच्या वधानंतरही न शमलेला आणि अखेर प्रल्हादाच्या स्तवनाने निवलेला नृसिंह ज्यांना ठाऊक आहे, त्या मराठी वाचकांना हा प्रसंग परका वाटू नये, जरी या दोन कथांचा परस्परांशी काही ऐतिहासिक संबंध नाही. जपानच्या शिंतो धर्मात प्रत्येक देवतेला एक सौम्य आणि एक उग्र अशी दोन अंगे मानली जातात, आणि दाइमाजिनची सारी कल्पना या दुहेरीपणावर उभी आहे.

मूर्तीचे रूपही त्याच विचाराने घडवलेले आहे. जपानमध्ये साधारणपणे इसवी सनाच्या तिसऱ्या ते सहाव्या शतकात मोठ्या लोकांच्या समाध्यांवर मातीचे उंच ढिगारे रचून त्यांभोवती ‘हानिवा’ नावाच्या भाजलेल्या मातीच्या प्रतिमा मांडत असत. त्यांतील चिलखतधारी योद्ध्याची प्रतिमा मूर्तीसाठी आदर्श म्हणून वापरली गेली. हानिवाचा चेहरा निर्विकार असतो आणि डोळ्यांच्या जागी नुसत्या चिरा असतात. चित्रपटात मूर्ती जागी होते तेव्हा ती आपला हात चेहऱ्यासमोरून सावकाश वर नेते आणि हात बाजूला होताच त्या कोऱ्या चेहऱ्याच्या जागी कपाळाला आठ्या पडलेला, ओठ आवळलेला, हिरवट वर्णाचा उग्र चेहरा प्रकटतो. पोशाख घडवणारे र्योसाकु ताकायामा हे त्याच सुमारास ‘अल्ट्रा क्यू’ आणि ‘अल्ट्रामॅन’मधील राक्षसांचेही शिल्पकार होते, परंतु त्या राक्षसांपेक्षा दाइमाजिनचा मुखवटा एका बाबतीत मुळातच वेगळा होता. त्याचे डोळे रंगवलेले नव्हते, काचेचे वा दिव्याचेही नव्हते. मुखवट्यातील छिद्रांतून दिसत होते ते प्रत्यक्ष हाशिमोतो यांचे डोळे.

या एका निर्णयाने नटावर किती भार टाकला, हे समजण्यासाठी चित्रीकरणाचे गणित थोडे पाहावे लागते. गॉडझिलाची उंची पन्नास मीटर ठरवलेली असल्याने त्याच्यासाठी इमारती पंचविसाव्या हिश्शाने बांधल्या होत्या. दाइमाजिनची उंची अवघी साडेचार मीटर, म्हणजे पंधरा फुटांच्या आत ठेवण्यात आली. पोशाखातील नट सुमारे एक मीटर ऐंशी सेंटिमीटर उंच दिसतो असे धरले, तर आजूबाजूच्या वास्तू मूळ आकाराच्या एक भागिले अडीच एवढ्या प्रमाणात बांधाव्या लागतात. इतक्या मोठ्या प्रतिकृतींत कौले, तुळया, भिंतीचा गिलावा हे सारे तपशील खऱ्यासारखे करता येतात आणि त्या फुटतातही खऱ्यासारख्या. लहान प्रतिकृती कोसळताना ती हलकी आहे हे प्रेक्षकाच्या लगेच ध्यानात येते, कारण कमी उंचीवरून पडणाऱ्या वस्तूला कमी वेळ लागतो. त्यावर उपाय म्हणून कॅमेरा नेहमीपेक्षा जलद चालवतात, जेणेकरून सेकंदाला २४ चौकटी या नेहमीच्या गतीने दाखवल्यावर हालचाल संथ आणि जड भासते. भौतिकशास्त्राच्या हिशेबाने ही वाढ प्रमाणाच्या वर्गमुळाइतकी असावी लागते. पंचवीसपट लहान प्रतिकृतीसाठी पाचपट गती लागते, तर अडीचपट लहान प्रतिकृतीसाठी दीडपटीहून किंचित जास्त पुरते. म्हणजेच दाइमाजिनच्या बाबतीत नटाची चाल, मान वळवणे, हात उगारणे हे सारे त्याच्या मूळ हालचालीच्या बरेच जवळ राहते, आणि त्याने केलेले बरेवाईट लपवायला जागा उरत नाही.

त्यातून साडेचार मीटरचा देव माणसांच्या अगदी जवळ येतो. गॉडझिलापासून पळणारी माणसे त्याच्या पायाखालच्या मुंग्यांसारखी असतात, दाइमाजिन मात्र किल्ल्याच्या तटावरून डोकावून एखाद्या विशिष्ट माणसाकडे पाहू शकतो, त्याला हेरू शकतो, त्याचा माग काढू शकतो. निळ्या पडद्यासमोर नटाचे चित्रण करून नंतर तो निळा भाग वगळायचा आणि तेथे दुसरे दृश्य बसवायचे, या पद्धतीने माणसे आणि देव एका चौकटीत आणले गेले. हात, पाय आणि संपूर्ण मूर्ती यांच्या पूर्णाकृती प्रतिमाही तयार करण्यात आल्या. तरीही या सर्व तंत्रांना एकत्र बांधणारी गोष्ट म्हणजे नजर. सामानोसुके पळतो तेव्हा प्रेक्षकाला भीती वाटते ती त्या दगडी हाताची नाही. आपल्याला कोणीतरी पाहत आहे, त्या पाहणाऱ्याच्या मनात दया नाही आणि त्याला घाईही नाही, या जाणिवेची ती भीती असते, आणि ती मुखवट्याला दोन छिद्रे पाडून आपोआप निर्माण होत नाही.

हाशिमोतो यांनी त्यासाठी जे केले ते सांगायला सोपे आणि करायला अत्यंत कठीण होते: कॅमेरा चालू असताना त्यांनी पापणी लवू दिली नाही. पापणी लवण्यास सेकंदाचा साधारण तिसरा हिस्सा लागतो. जलद गतीने चित्रित केलेल्या दृश्यात तीच हालचाल आणखी लांबते आणि मोठ्या पडद्यावर ती पेंगुळल्यासारखी दिसली असती, तेवढ्याने दगडाचा देव पुन्हा मुखवटा घातलेला माणूस झाला असता. आणि हे सारे करायचे होते ते भिंती कोसळत असताना, पंख्यांच्या वाऱ्याने धुळीचे लोट उठत असताना. ती धूळ उघड्या डोळ्यांत जात होती, डोळे लाल होत होते, आणि शिरा ताणलेल्या त्या तांबूस डोळ्यांनीच देवाच्या कोपाला त्याचे भयंकर रूप दिले. पडद्यावर दिसणारा तो लालिमा रंगभूषेने आणलेला नाही, हे कळल्यावर चित्रपट पुन्हा पाहणाऱ्याला प्रत्येक निकटदृश्य वेगळे दिसू लागते. उंच उडालेल्या चेंडूवरून क्षणभरही दृष्टी न हलवण्याची खेळाडूची सवय येथे कामी आली असावी, असे मानणे अवाजवी ठरू नये.

डोळे स्थिर ठेवायचे आणि तरीही त्यांतून भाव व्यक्त करायचा, हा यातील खरा पेच आहे. चेहऱ्याचे इतर स्नायू मुखवट्याखाली गेलेले, आवाज नाही, संवाद नाही. उरते ती मानेची दिशा, पावलाचे वजन आणि थांबण्याची वेळ. हाशिमोतो यांचा दाइमाजिन आधी बाहुल्या फिरवतो, मग डोके आणि सर्वांत शेवटी धड, त्यामुळे निर्णय आधी झाला आहे आणि शरीर मागाहून येत आहे असा भास होतो. त्याच्या चालण्यात आक्रस्ताळेपणा नाही. इफुकुबे यांचे खर्जातले संगीत आणि ती चाल यांची लय इतकी एकजीव आहे की देव दिसण्याआधीच त्याचे येणे जाणवते. कोझासाच्या भूमिकेतील मिवा ताकादा विनवणी करते त्या शेवटच्या प्रसंगात तर तेच डोळे, तीच अचल पापणी आणि तोच मुखवटा असूनही त्या नजरेतला कठोरपणा ओसरल्यासारखा वाटतो. जपानच्या मुखवटानाट्यात, म्हणजे ‘नो’ परंपरेत, लाकडी मुखवटा किंचित कलता करून त्याच चेहऱ्यावर हर्ष वा शोक दाखवण्याची कला शतकानुशतके जोपासली गेली आहे. रबराच्या पोशाखातील या नटाने त्याच जातीचा परिणाम साधला.

उरलेले दोन्ही चित्रपट त्याच वर्षी आले. ऑगस्टमधील दुसरा केंजी मिसुमी यांनी दिग्दर्शित केला. त्यात सरोवरातल्या बेटावरची मूर्ती सुरुंगाने उडवली जाते आणि देव पाणी दुभंगून वर येतो. डिसेंबरमधील तिसरा काझुओ मोरी यांचा होता. त्यात वेठबिगारीला धरून नेलेल्या आप्तांना सोडवण्यासाठी चार मुले बर्फाळ डोंगर ओलांडतात, आणि हिमवर्षावात देव प्रथमच कमरेची तलवार उपसतो. तिन्ही दिग्दर्शक ‘झातोइची’ या आंधळ्या तलवारबाजाच्या गाजलेल्या मालिकेत मुरलेले होते, तिघांची शैली निराळी होती, आणि तरीही तिन्ही चित्रपटांतला देव एकच वाटतो, याचे श्रेय पोशाखातील नटाला द्यावे लागते. तिसऱ्या चित्रपटात मुलांच्या साहसाला अधिक जागा मिळाल्याने देवाचा दरारा थोडा उणावला आहे. पहिला चित्रपट आजही सर्वांत भक्कम ठरतो.

१९६८ च्या डिसेंबरात कुरोदा यांनीच दिग्दर्शित केलेला ‘योकाइ दाइसेन्सो’, म्हणजे भुताखेतांचे महायुद्ध, प्रदर्शित झाला. छत्रीचे भूत, लांब मानेची बाई, ‘कप्पा’ नावाचे पाण्यातले भूत अशी जपानी लोककथांतली चित्रविचित्र मंडळी एका परदेशी रक्तपिपासू शक्तीशी लढतात, असे त्याचे कथानक आहे. बॅबिलोनियातील अवशेषांतून जागा होऊन जपानला आलेला आणि एका अधिकाऱ्याचे रक्त पिऊन त्याचेच रूप घेणारा हा दाइमोन हाशिमोतो यांनी साकारला. दाइमाजिन जेवढा संथ, तेवढा हा चपळ आणि क्रूर. एकाच नटाने दोन वर्षांच्या अंतराने देव आणि दैत्य दोन्ही पोशाखाआडून वेगळे करून दाखवावेत, ही बाब त्याच्या कुवतीची साक्ष देते.

नागाता यांचे साम्राज्य १९७१ साली कोसळले. बेसबॉलचा संघ त्यांच्या हातून गेला आणि डिसेंबरात दाइएइ दिवाळखोर झाली. हाशिमोतो ‘झातोइची’चे नायक शिन्तारो कात्सु यांच्या निर्मितीसंस्थेत गेले आणि तेथूनच हाँगकाँगच्या ‘फिस्ट ऑफ फ्युरी’ या चित्रपटासाठी त्यांना पाठवण्यात आले. १९७२ साली प्रदर्शित झालेल्या या चित्रपटात शांघायमधील जपानी युद्धकलाशाळेचा प्रमुख सुझुकी ही त्यांची भूमिका होती. अखेरच्या झुंजीत ते सामुराईपटांत कमावलेली तलवार चालवतात, ब्रूस ली साखळीने जोडलेले दोन दंडुके फिरवतो, आणि शेवटच्या लाथेने सुझुकी दार फोडून अंगणात जाऊन पडतो. ती धोकादायक उडी हाशिमोतो यांच्याऐवजी तेव्हा अगदी तरुण असलेल्या जॅकी चॅन याने मारली. जगभरातील प्रेक्षकांनी त्यांचा उघडा चेहरा पाहिला तो बहुतांशी या एकाच चित्रपटात.

पुढे लहानमोठ्या भूमिका करत त्यांनी १९८० च्या दशकात अभिनय थांबवला आणि ११ ऑक्टोबर २०१७ रोजी फुप्फुसाच्या कर्करोगाने त्यांचे निधन झाले. दाइमाजिन मात्र जपानी लोकस्मृतीत टिकून राहिला; २०१० साली त्याच्यावर दूरचित्रवाणी मालिका निघाली आणि ताकाशी मिइके यांच्या २०२१ मधील भुताखेतांच्या चित्रपटातही तो पुन्हा दिसला. योकोहामा बेस्टार्स संघाला १९९८ साली अजिंक्यपद मिळवून देणारा आणि पुढे अमेरिकेतील सिअॅटल मरिनर्सकडून खेळून २००० साली तेथील लीगचा सर्वोत्तम नवोदित ठरलेला गोलंदाज काझुहिरो सासाकी याला चाहत्यांनी त्याच्या चेहऱ्यामोहऱ्यावरून ‘दाइमाजिन’ हेच नाव दिले होते, आणि एका बेसबॉलपटूने साकारलेला देव अशा रीतीने तीसेक वर्षांनी पुन्हा बेसबॉलच्या मैदानावर उतरला.